‘पेरते व्हा’ : एका हाकेचे रसग्रहण

एखाद्या कादंबरीकाराने असा देश कल्पिला की जिथे महिन्यांना आकडे नाहीत, सणांना तिथ्या नाहीत, अमुक आवाज कानी पडला की अमुक ऋतू लागला असे समजतात, तर आपण त्याच्या कल्पकतेची वाहवा करू. धनजच्या आमच्या शिवारातल्या माणसाला मात्र त्याचे फारसे नवल वाटणार नाही. छापील पंचांगाच्या जोडीने असे कानाचे पंचांग वऱ्हाडात पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे. त्यातले एकच पान मी आज रसग्रहणासाठी घेतो. पान कसले, दोनच शब्द आहेत : ‘पेरते व्हा’.

या पंचांगात दोन जातींचे आवाज आहेत. पोळ्याच्या झडत्या, भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागरीपर्यंत चालणारी भुलाबाईची गाणी, कार्तिकातली काकड आरती, हे सारे आवाज तिथी पाहून निघतात. २०२३ साली अधिक श्रावण आला, तेव्हा पोळा १४ सप्टेंबरपर्यंत लांबला आणि झडत्याही निमूटपणे तितक्याच लांबल्या. दुसरी जात तिथी न विचारता येणाऱ्या आवाजांची. पावशा हा त्यांतला मुख्य. त्याला अधिक मास ठाऊक नाही.

पावशा हा कोकिळेच्या कुळातला, राखी रंगाचा, दिसायला शिकऱ्यासारखा पक्षी. दिसतो क्वचित, ऐकू येतो सारखा. उन्हाळा तापला की त्याचा स्वर पायरीपायरीने चढतो, टोकाला पोचतो, एकाएकी तुटतो, आणि पुन्हा खालून आरंभ होतो. पुष्कळ लोक त्यालाच चातक म्हणतात; पण चातक निराळा. तो काळा-पांढरा, तुरेवाला, पावसाच्या सुमारास दिसू लागणारा. त्यातले काही तर आफ्रिकेतून समुद्र ओलांडून येतात. ‘मेघदूता’त मेघाच्या डाव्या बाजूला गोड बोलून शुभशकुन करणारा तो हा चातक. संस्कृत कवींनी चातकाला तहान दिली. आमच्या शेतकऱ्याने पावशाला काम दिले.

आता गंमत पाहा. हाक एकच, पण हिंदी मुलखात तिच्यात ‘पी कहाँ’ ऐकू येते, म्हणजे प्रियकर कुठे आहे हा विरहिणीचा प्रश्न. बंगाल्यात ‘चोख गेलो’ ऐकतात. डोळे गेले हो, असा तो आक्रोश. उकाड्याने झोप उडालेल्या इंग्रजांना तर त्यात मेंदूज्वराचे नाव ऐकू आले! मराठी माणसाने मात्र ना विरह ऐकला, ना दुखणे. त्याने शेतीचे काम ऐकले. पक्ष्याच्या गळ्यात अर्थ नसतो, तो ऐकणाऱ्याच्या भाषेतून येतो. म्हणूनच ‘पेरते व्हा’ हे मी निसर्गाचे नव्हे, तर वाङ्मयाचे उदाहरण मानतो, आणि त्याची परीक्षा वाङ्मयासारखीच करतो.

मराठीतही या हाकेचे दोन पाठ आहेत. काहींना ती ‘पाऊस आला’ अशी ऐकू येते. हा पाठ मला दुय्यम वाटतो. ती बातमी आहे, आणि पुष्कळदा खोटी; कारण पावशा ओरडू लागतो तेव्हा आभाळात ढगाचा ठिपकाही नसतो. ‘पेरते व्हा’त पावसाचे नावच नाही. त्यात आज्ञा आहे, तीही अदबीची. पाखरू कुणब्याला ‘अहो’ म्हणून बोलते, आणि एकाला नव्हे, साऱ्या गावाला बोलते.

पण खरी खुबी क्रियापदात आहे. पक्षी ‘पेरा’ म्हणत नाही, ‘पेरते व्हा’ म्हणतो. ‘बोला’ आणि ‘बोलते व्हा’ यांत जो फरक, तोच इथे. पहिल्यात कृती लगेच हवी आहे. दुसऱ्यात माणसाने आधी त्या कृतीजोगे व्हायचे आहे. पेरते होणे म्हणजे वखरणी आटोपणे, शेणखत पसरणे, तिफणीचे फण आणि चाडे पाहून घेणे, बियाणे निवडून ठेवणे. हे सारे पावसाआधीचे काम, आणि हाकही पावसाआधीचीच. अर्थ आणि काळ यांचा असा चोख मेळ चांगल्या कवितेतही सहसा सापडत नाही.

हा नुसता व्याकरणाचा काथ्याकूट नव्हे. ‘पेरते व्हा’ ऐकून ज्याने ‘पेरा’ असा अर्थ घेतला, त्याचे काय होते ते वऱ्हाडात कुणालाही विचारा. मृग ७-८ जूनला लागतो. विदर्भात पाऊस साधारण जूनच्या मध्यावर यायचा. एखादी सर पाहून सोयाबीन टाकले आणि पुढे पंधरवडा कोरडा गेला, की बियाणे जागीच मरते. दुबार पेरणी म्हणजे दुसऱ्यांदा पिशव्या, दुसऱ्यांदा उसनवारी. कृषितज्ज्ञ म्हणूनच ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याखेरीज पेरू नका असे सांगतात. जुने लोक ओल हाताने उकरून पाहत. पावशाचे बोलणे या दोहोंच्या आड येत नाही. चूक पक्ष्याची नाही, घाईने वाचणाऱ्याची आहे.

आमच्या साहित्यात हे पंचांग कुणी नीट ऐकले? दुर्गा भागवतांनी ‘ऋतुचक्र’ (१९५६) लिहून बारा महिन्यांना बारा लेख दिले. सुशिक्षित मराठी वाचकाचे लक्ष ऋतूंकडे वेधणारे ते पुस्तक. पण मला अधिक जवळची वाटते ती बहिणाबाई. अक्षर न ओळखणाऱ्या या बाईची गाणी तिच्या मृत्यूनंतर १९५२ साली छापली गेली. गुढी, आखजी, पेरणी, पोळा, कापणी, रगडणी, उपणणी असे तिचे विषय नुसते ओळीने लावले तरी वर्ष पुरे होते. उलट पुष्कळशा ग्रामीण कादंबऱ्यांत पाखरू ओरडते ते पहाट झाली एवढे सांगायला. त्या हाकेने कुणी उठून तिफण दुरुस्त करीत नाही, कुणाचे कर्ज वाढत नाही. ती हाक गाळली तरी कथानकाचे काही बिघडत नाही. असा आवाज म्हणजे शोभेचे तोरण.

ग्रामीण लेखनाची एक साधी कसोटी मला यातून सापडते : लेखकाने ऐकविलेल्या आवाजाने घरात कुणाचे काम बदलले का? पावशाच्या दोन शब्दांनी ते पिढ्यान्‌पिढ्या बदलले आहे. त्या शब्दांचा कर्ता कोण, हे कुणाला माहीत नाही. पण कुठल्या तरी उन्हाळ्यात, कोरड्या ढेकळांच्या रानात उभ्या असलेल्या एका माणसाला ‘पेरा’ आणि ‘पेरते व्हा’ यांतला फरक नेमका कळला होता, एवढे निश्चित.