यान त्रोएल: कॅमेरा कुणाच्या हातात?

स्वीडिश सिनेमा म्हटलं की आपण बर्गमनपाशी थांबतो. आज यान त्रोएलकडे वळू. हा माल्मोमधला शाळामास्तर दिग्दर्शक झाला, पण छायाचित्रण आणि संकलनही त्यानं बहुतेकदा स्वतःच केलं. लोक याला अष्टपैलूपणा म्हणतात. आम्हाला ती एकाच नजरेची गरज वाटते.

'द एमिग्रंट्स' (1971) बघा. स्मोलँडची दगडाळ शेती सोडून मिनेसोटाला निघालेलं कुटुंब. विषय केवढा मोठा! पण कॅमेरा रेंगाळतो तो राबणाऱ्या हातांवर, थकलेल्या चेहऱ्यांवर. असे क्षण आधी कागदावर ठरत नाहीत. बघता बघता सापडतात.

पुढे अमेरिकन निर्मात्यांसाठी केलेल्या 'झँडीज ब्राइड' (1974) आणि 'हरिकेन' (1979) यांत कॅमेरा इतरांकडे होता. 'हरिकेन'ला तर स्वेन निक्विस्टसारखा उस्ताद. चौकटी देखण्या आहेत, पण त्यांत त्रोएल शोधावा लागतो.

'एव्हरलास्टिंग मोमेंट्स'मध्ये (2008) लॉटरीत मिळालेला कॅमेरा मारिया विकायला जाते आणि त्यातून बघायला शिकते. दारुड्या नवऱ्याच्या संसारात तेवढंच तिचं स्वतःचं. हा सिनेमा 'हरिकेन'नंतर लगेच बघा. फरक आम्ही सांगायची गरज उरणार नाही.