वसई आणि पानिपत : आपल्या स्मरणाची तऱ्हा

दिवाळीत मुले अंगणात मातीचे किल्ले रचतात, ते बहुधा डोंगरी असतात. दगडविटांवर ओला चिखल थापला, वर मोहरी किंवा हळीव पेरले, शिखरावर सिंहासन ठेवले की रायगड झाला. पायथ्याशी वाघनखे चालवणारी जोडी उभी केली की प्रतापगड. वसईचा किल्ला मात्र कुणी करीत नाही. करणार तरी कसा? तो सपाट जमिनीवर, पश्चिमेला समुद्र आणि दक्षिणेला खाडी घेऊन बसलेला. चिखलाच्या ढिगातून त्याला आकारच येत नाही. हा दोष मुलांचा नाही. मोठ्यांनी लिहिलेल्या पुस्तकांतही वसईला नीट आकार आलेला नाही, आणि माझी तक्रार त्या मोठ्यांविषयी आहे.

मराठ्यांच्या इतिहासातली निर्णायक लढाई कोणती, असे कुणालाही विचारा. उत्तर पानिपत असेच येते. १४ जानेवारी १७६१ या एका दिवसाने आपल्या वाङ्मयाला जेवढे दिले तेवढे दुसऱ्या कोणत्याही दिवसाने दिले नाही. भाऊसाहेबांची बखर, रघुनाथ यादवाची बखर, गोविंदाग्रजांचा 'पानपतचा फटका', शेजवलकरांचा ग्रंथ, आणि १९८८ मध्ये आलेली विश्वास पाटलांची कादंबरी, जी घरोघर वाचली गेली. बोलीतही पानिपत शिरले. निवडणुकीत पक्षाचे होते ते पानिपत, परीक्षेत मुलाचे होते तेही पानिपत, आणि विश्वास गेला की तो पानिपतावरच जातो. वसईच्या नावाने असा शब्द रुजला नाही. 'वसईचा तह' म्हटले तरी मराठी वाचकाला आठवतो तो ३१ डिसेंबर १८०२ चा, दुसऱ्या बाजीरावाने इंग्रजांशी केलेला. त्याच्या आजोबांच्या सख्ख्या भावाने, चिमाजी अप्पांनी, १६ मे १७३९ रोजी त्याच ठिकाणी पोर्तुगीजांकडून किल्ला लिहून घेतला होता. तो तहनामा मात्र अभ्यासकांच्या दप्तरात राहिला.

आता या दोन लढायांची फळे तोलून पाहू. पानिपतात एक पिढी कापली गेली, आणि त्या दुःखापुढे हिशेब मांडणे कुणालाही जड जाईल. तरी दहाच वर्षांत महादजी शिंदे दिल्लीत होते, आणि १७७२ च्या आरंभी शाह आलम त्यांच्याच आधाराने तख्तावर येऊन बसला. म्हणजे गेलेले पुष्कळसे परत मिळाले. वसईला जे झाले ते मात्र परतले नाही. १५३४ पासून पोर्तुगीजांच्या हाती असलेला उत्तर कोकणचा मुलूख एका मोहिमेत गेला. पुढच्याच वर्षी चौलही गेले. दमण आणि दीव तेवढे उरले. जिच्यानंतर शत्रूला त्या प्रदेशात पुन्हा पाय रोवता येत नाही ती लढाई निर्णायक, ही व्याख्या मान्य केली, तर वसईइतकी निर्णायक लढाई मराठ्यांनी क्वचितच जिंकली असेल.

मग ती आपल्या मनात का नाही? एक कारण परके आहे, ते लवकर उरकतो. 'निर्णायक लढाई' हा साचाच आपण इंग्रजी ग्रंथांतून घेतला. एडवर्ड क्रीझीने १८५१ मध्ये जगाच्या पंधरा निर्णायक लढाया निवडल्या, त्यांत मॅरेथॉनपासून वॉटर्लूपर्यंत सगळे आहे, हिंदुस्थान नाही. पुढे मॅलेसनने १८८३ मध्ये हिंदुस्थानच्या निर्णायक लढायांवर ग्रंथ लिहिला, तो सुरूच होतो १७४६ पासून. वसई सात वर्षांनी चुकली. पानिपतही त्यात नाही, कारण तिथे इंग्रज लढले नव्हते. पानिपत आपण आपल्या दुःखाने जपले. वसई जपायला दुःखही नव्हते आणि गोऱ्या ग्रंथकाराचे बोटही नव्हते.

दुसरे कारण आपले स्वतःचे, आणि ते मला महत्त्वाचे वाटते. आपल्याला लढाई एका दिवसाची हवी असते. सकाळी रणशिंग, दुपारी घनघोर, संध्याकाळी निकाल. पानिपताचा दिवस तसा आहे. नाटककाराने रचावा तसा. वसईची मोहीम दोन वर्षे चालली, आणि तिचे निर्णायक क्षण वसईत घडलेच नाहीत. मार्च १७३७ मध्ये ठाण्याचा किल्ला पडला, बांधकाम पुरे व्हायच्या आत. त्याने साष्टी हाती आली. डिसेंबर १७३८ मध्ये पोर्तुगीजांनी ठाणे परत घेण्याचा यत्न केला, त्यात त्यांचा उत्तर प्रांताचा सेनापती पेद्रू द मेलो पडला. जानेवारीत माहीम, केळवे, शिरगाव, तारापूर घेतले गेले. तारापुरास बाजी भिवराव रेठरेकर कामास आले. त्याच सुमारास व्यंकटराव घोरपडे आणि दादाजीराव भावे गोव्याच्या अंगावर गेले, त्यामुळे गोव्याहून वसईला कुमक पाठवणे अवघड झाले. हे सर्व घडल्यावर फेब्रुवारीत वेढा आवळला. म्हणजे वसईच्या तटाला शिडी लागण्याआधीच निम्मी वसई मडगावकडे आणि ठाण्याच्या खाडीत जिंकली गेली होती. हे दाखवायला लेखकाला चार ठिकाणी एकदम उभे राहावे लागते. एका घोड्यावर बसलेला नायक त्याला पुरत नाही.

त्यात चिमाजी अप्पांचे दुर्दैव असे की, कौटुंबिक वाचक त्यांना ओळखतो तो मस्तानीला कोंडणारा धाकटा भाऊ म्हणून. ना. सं. इनामदारांची 'राऊ' (१९७२) मला आवडते. तिच्यातल्या बाजीरावाचे एकाकीपण खोटे नाही. पण तिच्या आणि पुढे २०१५ च्या चित्रपटाच्या प्रकाशात अप्पा उभे राहतात ते वाड्याच्या दारात, मोर्चात नव्हे. वसई घेणारा माणूस घरच्या भांडणात हरवला. यशवंत नरसिंह केळकरांनी 'वसईची मोहीम' लिहून त्यांना मोर्चात परत नेले होते, पण तो ग्रंथ अभ्यासकांच्या टेबलावर राहिला, माजघरात आला नाही.

मोर्चात काय होते ते पाहा. किल्ल्याला जमिनीवरून जाण्याची वाट उत्तरेकडून, तीही वाळूची. वाळूत खंदक खणला की ढासळतो. तटावरून तोफा आणि बंदुका चालू, खाली माणसे पुढे सरकत सरकत सुरुंग खणताहेत. पाऊस तोंडावर आलेला. एकदा मृगाची सर आली की सुरुंगात पाणी आणि दारूचा चिखल. वर दिल्लीहून बातम्या येताहेत की नादिरशहाने कर्नाळला बादशहाचा मोड केला आणि राजधानी लुटली. बाजीरावाला उत्तरेकडे फौज हवी आणि फौज इथे वाळूत रुतलेली. वेळेचा असा पेच कादंबरीकाराला आयता कुठे मिळतो? मे महिन्यात सुरुंगांना बत्ती दिली, बुरूज फुटला, माणसे खिंडाराकडे धावली. एक सुरुंग उशिरा उडाला आणि आपलीच माणसे त्यात सापडली. तरीही मागचे पुढे गेले. इतिहासग्रंथ मराठ्यांचे ठार आणि जखमी मिळून बारा हजारांच्या आसपास धरतात, पोर्तुगीजांचे आठशेच्या.

या सगळ्यातून लोकांनी उचलले काय? किल्ला हाती येत नसेल तर माझे शीर तोफेच्या तोंडी देऊन आत तरी उडवा, असे अप्पा म्हणाल्याची गोष्ट. शाळेत आपण सर्वांनी ती ऐकली आहे. गोष्ट बाणेदार आहे, पण ती सुरुंग खणणाऱ्याला गिळून टाकते. एका वाक्याने किल्ला पडला असे मुलाला वाटू लागते.

लोकस्मृतीचा दुसरा नमुना पाहायचा तर भिवंडी तालुक्यातल्या अकलोलीला जावे. तानसा नदीच्या काठी गरम पाण्याची कुंडे आहेत, जवळच वज्रेश्वरीचे देऊळ. मुंबई-ठाण्याची कुटुंबे कुंडात पाय बुडवून बसतात, मुले पाणी किती कढत ते एकमेकांना सांगतात, सांधे धरलेली म्हातारी माणसे डोळे मिटून स्वस्थ असतात. (याच तानसेवर वरच्या अंगाला १८९२ मध्ये पुरे झालेले धरण मुंबईला पाणी पाजते, कुंडात बसलेल्या मुंबईकराच्या हे ध्यानी असतेच असे नाही.) कुंडे कढत का, तर देवीने मारलेल्या दैत्यांचे रक्त तिथे सांडले म्हणून, असे सांगतात. देवळाची कथा चिमाजी अप्पांची. वसईकडे जाताना त्यांचा तळ इथे वडवलीला पडला. किल्ला हाती आला तर देऊळ बांधीन असा त्यांनी नवस केला. देवीने स्वप्नात येऊन किल्ला कसा घ्यावा ते सांगितले. विजयानंतर सुभेदार शंकर केशव फडके यांनी देऊळ उभारले.

मी या कथेकडे टीकाकाराच्या नजरेने पाहतो आणि मला ती शिर तोफेत घालण्याच्या गोष्टीपेक्षा अधिक प्रामाणिक वाटते. कारण तिच्यात सेनापती अडलेला आहे. किल्ला कसा घ्यावा हे त्याला कळत नाही, ते दुसऱ्या कुणीतरी त्याला सांगावे लागते. कथेने त्या 'दुसऱ्या कुणाला' देवीचे रूप दिले. आणि देऊळही पाहा कसे बांधले आहे: टेकडीवर, बावन्न पायऱ्यांच्या वर, किल्ल्यासारखा तट घेऊन. जणू वसई जिंकल्यावर गवंड्याच्या हाताला दुसरा घाट सुचेना. आपल्या कादंबरीकारांना जमले नाही ते या तटाने थोडेफार केले आहे.

पण किल्ला कसा घ्यावा हे अप्पांना प्रत्यक्षात सांगणारी माणसेही याच मुलखातली होती. अंजूर इथून लांब नाही, तेही भिवंडी तालुक्यातच. तिथल्या गंगाजी नाईकांनी फिरंग्यांचा जाच सोसलेल्या लोकांच्या वतीने पेशव्यांकडे वर्षानुवर्षे खेपा घातल्या, वाटा आणि ठाणी यांची माहिती पुरवली. साष्टीच्या बखरीत हे सारे आहे. पेशवे दप्तरातल्या पत्रांची गोविंद सखाराम सरदेसायांनी केलेली निवड आणि पांडुरंग पिसुर्लेकरांनी गोव्याच्या दप्तरातून काढलेली पोर्तुगीज बाजू एकापुढे एक ठेवून वाचली, तर लढाई फिरते ती कुठे, हे दिसू लागते. ती फिरते खाडीच्या उथळ जागा ठाऊक असलेल्या माणसापाशी.

आणि फिरली ती कुणाच्या फायद्याकडे, हाही प्रश्न विचारला पाहिजे. पोर्तुगीज गेले आणि मुंबईचे इंग्रज सावध झाले. व्यापाऱ्यांनी वर्गणी काढून कोटाभोवती खंदक खणायला घेतला, इंचबर्ड नावाचा कप्तान वकील म्हणून अप्पांकडे आला आणि त्याच वर्षी करार करून गेला. १७७४ मध्ये इंग्रजांनी साष्टी घेतली, १७८० मध्ये गॉडर्डने वसईही. १७८२ च्या सालबाईच्या तहात वसई परत मिळाली, साष्टी मिळाली नाही. पोर्तुगीजांशी चाललेल्या युद्धाचा निकाल वसईने लावला. इंग्रजांशी पुढे जे युद्ध व्हायचे होते त्यातला एक प्रतिस्पर्धी मात्र तिनेच मुंबईच्या वाटेतून काढून टाकला. ना बाजीरावाला हे पाहायला मिळाले, ना अप्पांना. दोघेही १७४० सालीच गेले.

आता ज्या कारणापाशी मला यायचे होते तिथे येतो. पानिपतचा शत्रू अफगाणिस्तानात परत गेला. त्याच्याविषयी काहीही लिहा, त्याचा नातू उठून मराठीत उत्तर देणार नाही. वसईचे तसे नाही. पोर्तुगीज शिपाई आणि सरदार तहाप्रमाणे हत्यारांनिशी, वाजतगाजत बाहेर पडले, पण त्यांच्या धर्मातले इथले शेतकरी, कोळी आणि कारागीर मागे राहिले. ज्यांना राहायचे त्यांनी आपला धर्म पाळून राहावे, अशी मोकळीक तहात होती. त्यांचे वंशज आज वसईत आहेत, मराठी बोलतात, मराठी लिहितात. त्यांच्यातलेच फादर फ्रान्सिस दिब्रिटो २०२० च्या उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. देवळे पाडणाऱ्या आणि बाटवाबाटवी करणाऱ्या फिरंगी सत्तेचा जाच खरा होता, गंगाजी नाईक उगीच पेशव्यांकडे गेले नाहीत. पण १७३९ च्या मे महिन्यात तटाच्या आत जी बाई मुलाला पोटाशी धरून बसली होती, तिचीही भाषा आपलीच असेल. मराठी कादंबरीकार वसईपाशी अडखळतो तो इथे. त्याला विजयाचे वर्णन अशा वाचकांपुढे करायचे आहे, ज्यांचे पूर्वज तटाच्या दोन्ही बाजूंना होते. एका बाजूने ढोल वाजवणे सोपे, म्हणून काहींनी तेवढेच केले; बाकीचे पानिपताकडे वळले, तिथे रडायला सगळे एका बाजूला असतात.

चर्चच्या घंटांचे उदाहरण घ्या. वसईच्या मोहिमेनंतर त्या देशावर नेल्या गेल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळातल्या घंटेवर १७२१ हे साल आहे. मेणवलीला नाना फडणविसांच्या वाड्यामागे घाटावरही अशीच एक घंटा टांगली आहे. आपले लेखक या घंटांकडे विजयचिन्ह म्हणून पाहतात, आणि तशा त्या आहेतच. परंतु १७२१ साली ओतलेली घंटा अठरा वर्षे कुणासाठी तरी वाजली असणार: बारशाला, लग्नाला, मातीला. ती उतरवली त्या दिवशी तिच्या आवाजाची सवय असलेल्या गावाला काय वाटले, हे एकाही मराठी पानावर माझ्या वाचनात आलेले नाही. ती घंटा नाशिकला गोदेच्या पुरात किती वेळा बुडाली, हे मात्र आपण दर पावसाळ्यात कौतुकाने सांगतो.