‘कुंकू’ : नीरेचा नकार आणि कायद्याची चौकट

नारायण हरी आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर आधारित, व्ही. शांताराम दिग्दर्शित ‘कुंकू’ (१९३७) हा पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीचा चित्रपट जरठ-कुमारी विवाहाचा निषेध म्हणून वाचण्याची प्रथा आहे. हे वाचन चुकीचे नसले तरी अपुरे आहे. तो निषेध गोविंद बल्लाळ देवलांच्या ‘संगीत शारदा’ने १८९९ मध्येच नोंदविला होता. तेथे वधूवर सगोत्र ठरल्याने लग्न मोडते. शारदेला अखेर शास्त्रच वाचविते. ‘कुंकू’मध्ये मात्र लग्न लागून गेले आहे. फसवणूक उघड झाल्यानंतर काय करावयाचे, हा नीरेपुढील (शांता आपटे) प्रश्न आहे.

नीरा घर सोडून जात नाही. घरात राहूनच पत्नीपण नाकारते. हा नकार चित्रपटाने ध्वनींतूनही घडविला आहे. पार्श्वसंगीत जवळपास वर्ज्य केल्यामुळे घरातील वस्तूंचे आवाज अर्थवाही होतात. भिंतीवरील जुने घड्याळ हे तर काकासाहेबांचे वार्धक्यच. केशवराव दाते यांनी काकासाहेबांना खलपुरुष होऊ दिलेले नाही, म्हणूनच नीरेचा विरोध व्यक्तीपेक्षा प्रथेशी आहे हे स्पष्ट राहते. त्या मानाने नीरेने लाँगफेलोची इंग्रजी कविता गाणे काहीसे उपरे वाटते. तिचा निर्धार त्या आधाराविनाही पुरेसा सिद्ध झालेला असतो.

काकासाहेबांच्या आत्महत्येने होणारा शेवट अनेकांना पळवाट वाटतो. येथे तत्कालीन कायदा पाहणे अगत्याचे ठरते. १९२९ च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्याने मुलीचे किमान वय १४ ठरविले, पण वधूवरांच्या वयातील अंतराला हात लावला नाही. विधवेचा पुनर्विवाह १८५६ पासून कायदेशीर होता. घटस्फोट मात्र मुंबई प्रांतातील हिंदूंना कायद्याने १९४७ मध्ये मिळाला. अनेक जातींत काडीमोड रूढ होती, पण काकासाहेबांच्या पांढरपेशा घरात ती अकल्पनीय होती. सधवा नीरेला जी वाट नव्हती ती विधवा नीरेला होती. नवऱ्याने मरावे तेव्हाच बायको मोकळी होईल, हा कथानकाचा दुबळेपणा मानला तर त्यात कायद्याचाही वाटा आहे. खरी उणीव अन्यत्र आहे : सुटकेचा निर्णय अखेरीस काकासाहेब घेतात. चित्रपटभर स्वतःच्या ‘नाही’वर ठाम राहिलेली नीरा शेवटच्या प्रसंगात दुसऱ्याने दिलेल्या मोकळिकीची केवळ धनी उरते.