शिक्का नसलेला शाहीर



सरकारच्या संस्कृतीत आपला माणूस कुठं बसतो हे बघायचं असलं तर भाषणं ऐकू नका. म्हाताऱ्या साहित्यिक-कलावंतांच्या मानधनाचा अर्ज हातात घ्या. मी घेतलाय. सूतगिरणीतली रात्रपाळी उतरून, अंगावरचा कापूस तसाच ठेवून, आमच्या वस्तीतल्या एका म्हाताऱ्या गायकासाठी.

योजना 1954-55 पासूनची. पैसा सांस्कृतिक कार्य खात्याचा, पण अर्ज जातो पंचायत समितीतून जिल्हा परिषदेच्या समाजकल्याणाकडं. म्हणजे हा माणूस कलावंत की निराधार, याचा निकाल अर्जाच्या वाटेवरच लागून जातो.

बरीच वर्षं तिथं अ, ब, क अशी उतरंड होती. अ राष्ट्रीय, ब राज्य, क स्थानिक. शेवटी शेवटी अ ला महिना 3,150 रुपये, क ला 2,250. जिंतूर-गंगाखेडच्या खेड्यापाड्यांत जयंतीला रात्र-रात्र भीमगीतं गाणारा कुठं बसणार? क मध्येच. उतरंडीचं आपल्याला काय नवल! 2024 साली ही वर्गवारी मोडली, सरसकट 5,000 केले, योजनेला राजर्षी शाहूंचं नाव दिलं. हे चांगलं झालं. चांगल्याला चांगलं म्हणायला आपलं काय जातं?

पण पुरावा पाहिजेच. प्रमाणपत्र, कात्रण, फोटो. कचेरी कोणती ते लिहीत नाही. टेबलामागचे साहेब म्हणाले, "बाबा, तुम्ही गाता हे कशावरून?"

"गाऊन दावू का?"

"कागद दाखवा."

मला समीक्षा करायचीय ती या कागदाची. छापलं तेच साहित्य, हा प्रस्थापितांचा जुना दंडक. अण्णाभाऊंच्या 'फकिरा'ला 1961 साली राज्य सरकारचं बक्षीस मिळालं. ती कादंबरी होती, छापलेली होती. 1995 साली आपल्या परभणीच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष नारायण सुर्वे झाले. गिरणीत राबलेला, शाळेत शिपाई राहिलेला माणूस. मला त्याचा अभिमान आहेच. पण ही दोन्ही माणसं आत गेली ती पुस्तकाच्या दारातून. ज्याचं पुस्तकच नाही त्यानं काय करावं?

वामनदादा कर्डक शेवटच्या कडव्यात स्वतःचं नाव गुंफत. तुकोबांचीही तीच रीत. ही नुसती हौस नव्हती. गाणं गावोगाव तोंडोतोंडी जाणार, कुणीही उचलणार, तर धनी कोण हे गाण्यातच सांगून ठेवायचं. हीच आपली सही, हाच शिक्का. आमचा म्हाताराही तेच करतो. कोरस धरणाऱ्या बायांना त्याच्या नावाचं कडवं पाठ आहे. हा पुरावा कचेरीत चालत नाही, कारण तो वाचता येत नाही, ऐकावा लागतो.

आता आपल्याबद्दल. जयंती मंडळाच्या जमाखर्चाच्या जुन्या वह्या काढल्या. मंडपवाल्याचं नाव आहे, लाऊडस्पीकरवाल्याचं आहे. गायकाचं नाही. नुसतं 'गाण्याची पार्टी' आणि पुढं आकडा. वहीमागून वही तेच. लाज वाटली. खात्याला शिव्या देत होतो, आणि आपल्याच वहीत त्याला नाव नाही.

एका वहीत मात्र बिदागी घेतल्याचा त्याचा अंगठा सापडला. खाली नावही. बुधवारी ती वही घेऊन परत जायचंय. म्हातारा ढोलकीपण घेतो म्हणतोय.