देवीची आज्ञा आणि समाजाचा निर्णय

आदिवासी समाजातील परिवर्तनाविषयी आपल्याकडे जे लेखन होते, त्यात एक गोष्ट बहुधा गृहीत धरलेली असते. परिवर्तन घडविणारा बाहेरून येतो आणि आदिवासी ते पत्करतो किंवा नाकारतो. घडविणारा कधी शासन असते, कधी समाजसुधारक, कधी मिशनरी. घडविला जाणारा मात्र नेहमी एकच. या गृहीतालाच हात घालणारा ग्रंथ म्हणून डेव्हिड हार्डिमन यांच्या 'द कमिंग ऑफ द देवी' (ऑक्सफर्ड युनिव्हर्सिटी प्रेस, १९८७) या इतिहासग्रंथाकडे आम्ही वाचकांचे लक्ष वेधू इच्छितो. ग्रंथ इतिहासकारांच्या परिचयाचा आहे. ईशविज्ञानाच्या अभ्यासकांनी मात्र त्याची घ्यावी तशी दखल घेतलेली नाही.

ग्रंथाचा विषय थोडक्यात असा. ९ नोव्हेंबर १९२२ रोजी सुरत जिल्ह्यातील खानपूर या गावी सुमारे २,००० आदिवासी जमले. पूर्वेकडच्या डोंगरांतून सलाबाई नावाची देवी आली असून ती आपल्या भक्तांच्या मुखाने बोलते, अशी वार्ता पसरली होती. अंगात आलेले भक्त मांडवात बसून देवीच्या आज्ञा सांगत: दारू आणि ताडी सोडा, मांसमच्छी वर्ज्य करा, रोज स्नान करा, पारशांशी व्यवहार ठेवू नका. चौधरी, गामीत, धोडिया, कोकणा अशा अनेक जमातींनी या आज्ञा शिरोधार्य मानल्या. काही आठवड्यांत हे लोण गावोगाव पोहोचले आणि गुत्ते ओस पडले.

मराठी वाचकाला हे दूरचे वाटण्याचे कारण नाही. हार्डिमन यांनी या देवीचा माग उलट दिशेने काढला, तेव्हा तो पालघरच्या किनाऱ्यावरील कोळी वस्तीपर्यंत पोहोचला. तेथे तिचे रूप रोग निवारणाऱ्या देवतेचे होते. तेथून ती डोंगरपट्टीतील गावे ओलांडीत गुजरातेत उतरली आणि वाटेत आरोग्याच्या देवीची सुधारणेची देवी झाली. पुढे पश्चिम खानदेशात, तळोद्याच्या भागात, १९३८ च्या सुमारास गुला महाराजांच्या भोवतीही भिल्लांची अशीच व्यसनमुक्तीची चळवळ उभी राहिली, हे येथे स्मरणात ठेवण्यासारखे आहे.

बडोद्याच्या नागरवाड्यात राहून हा ग्रंथ वाचताना आणखी एक जवळीक जाणवते. देवीने हलवून सोडलेले सोनगड, व्यारा, महुवा हे मुलूख त्या काळी बडोदे संस्थानात होते. पिलाजीराव गायकवाडांनी १७१९ मध्ये सोनगड घेतला आणि तेथूनच गायकवाडांच्या सत्तेची पायाभरणी झाली. ज्या राजवटीमुळे मराठी कुटुंबे या शहरात येऊन स्थिरावली, तिचे मूळ ठाणे आदिवासी मुलखात होते. पुढे सयाजीराव महाराजांनी सोनगड येथे आदिवासी मुलांसाठी वसतिगृहयुक्त शाळा काढली. देवी आली तेव्हा या मुलखात शिकलेली आदिवासी पिढी होती, ती या शाळेमुळे. राज्याने शाळा दिली हे खरे; पण शिकलेल्यांनी त्या विद्येचे काय केले, हे राज्याने ठरविले नाही. ग्रंथाचे मर्म हेच आहे.

त्या काळच्या आर्थिक परिस्थितीचे हार्डिमन यांचे विवेचन बळकट आहे. आदिवासी जीवनात मोहाची दारू हे केवळ पेय नव्हते. ती देवाला वाहिली जाई. लग्नात, मर्तिकात, पाहुणचारात तिला मान होता. १८७८ च्या मुंबई अबकारी कायद्याने घरोघरी दारू गाळण्यावर बंदी आली आणि ती मक्तेदाराच्या गुत्त्यावरून विकत घ्यावी लागू लागली. या मुलखात हे मक्तेदार मुख्यतः पारशी होते. तेच उसने देणारे सावकार, आणि हळूहळू तेच जमिनीचे धनी झाले. तेव्हा 'दारू सोडा' या आज्ञेत नीती होती तसाच कर्जाच्या फासातून सुटण्याचा मार्गही होता.

येथवर कोणताही साक्षेपी इतिहासकार आला असता. हार्डिमन यांचे वेगळेपण पुढे दिसते. धर्म हा आर्थिक असंतोषाचा केवळ मुखवटा, असे ते मानत नाहीत. देवीवरील श्रद्धेला ते श्रद्धा म्हणूनच स्थान देतात. ही गांधीवादी कार्यकर्त्यांची निर्मिती होती, हेही त्यांना मान्य नाही. काँग्रेसचे पुढारी नंतर आले. वल्लभभाई पटेल आणि कस्तुरबा ज्या परिषदेस उपस्थित होते, ती शेखपूरची परिषद जानेवारी १९२३ मधील. एम. एन. श्रीनिवास यांची 'संस्कृतीकरणा'ची उपपत्तीही त्यांना अपुरी वाटते. आदिवासी उच्चवर्णीयांचे अनुकरण करीत नव्हते. सत्ताधाऱ्यांच्या मूल्यांना जी प्रतिष्ठा होती ती ते आपल्या हाती घेत होते, असे त्यांचे प्रतिपादन आहे.

या प्रतिपादनाचे आम्ही स्वागत करतो. तथापि आमची हरकतही नेमकी येथेच आहे. मूल्ये 'हाती घेतली' असे म्हटल्याने प्रश्न संपत नाही. कोणते मूल्य घेतले, हे विचारावे लागते. शुचितेच्या कल्पनेबरोबर विटाळाची कल्पनाही आली. काही ठिकाणी पारशाची सावली पडली तरी स्नान करावे, असा दंडक झाला. ज्या शस्त्राने आदिवासींना शतकानुशतके दूर ठेवले, तेच शस्त्र त्यांनी आपल्या पिळवणूक करणाऱ्यावर उगारले. त्याची कारणे समजण्यासारखी आहेत. पण मुक्तीच्या हिशेबात ही बाजूही मांडावयास हवी, आणि ती ग्रंथात आम्हांस उणी वाटली. दुसरे असे की दारू गेली तेव्हा तिच्याबरोबर पितरांना वाहावयाचा अर्घ्यही गेला. त्या रिकाम्या जागी काय आले? सत्तेच्या भाषेत या प्रश्नाचे उत्तर मिळत नाही.

परंतु ग्रंथातील आम्हांस सर्वांत बोलकी वाटलेली गोष्ट वेगळीच आहे. काही काळाने समाज दुभंगला. देवीची बंधने पाळणारे ते 'वरजेला' आणि पुन्हा जुन्या रीतीकडे वळलेले ते 'सरजेला'. सुधारकाच्या दृष्टीने दुसरे घसरलेले. आमच्या मते मात्र ही फूटच सांगते की येथे मेंढरांचा कळप हाकला जात नव्हता. दोन्ही बाजूंनी विचार केला, किंमत मोजली आणि निर्णय घेतला. परतणाऱ्याचा निर्णय हाही निर्णयच असतो.

ख्रिस्ती मंडळीला यातून काय शिकावयाचे आहे? 'प्रेषितांची कृत्ये' या पुस्तकाच्या १५ व्या अध्यायात यरुशलेमेच्या सभेपुढे हाच प्रश्न होता. परराष्ट्रीय विश्वासूंवर कोणते ओझे लादावे आणि कोणते लादू नये? सभेने सुंतेचा आग्रह सोडला आणि मोजक्या गोष्टींपुरतेच बंधन ठेवले. ध्यानात घेण्याजोगे हे की वाद मिटण्यापूर्वी परराष्ट्रीयांमध्ये देवाने काय केले, याचा वृत्तान्त सर्व सभेने मुकाट्याने ऐकून घेतला. आधी ऐकणे, मग ठरविणे, हा तेथील क्रम आहे.

आदिवासी मंडळ्यांच्या बाबतीत हा क्रम पुष्कळदा उलटतो. ढोल वाजवावा की नाही, पितरांचे स्मरण कसे करावे, लग्नात कोणती रीत ठेवावी, यांवर निर्णय आधी होतो आणि ऐकणे राहून जाते. याच्या उलट टोकाला आदिवासी संस्कृती जशीच्या तशी जतन व्हावी, असे म्हणणारे अभ्यासक असतात. एकाला तो सुधारावयाचा आहे, दुसऱ्याला तो काचेच्या कपाटात ठेवावयाचा आहे. बदलण्याचा वा न बदलण्याचा अधिकार त्याचा स्वतःचा आहे, हे दोघांच्याही ध्यानात येत नाही.

आज सोनगड आणि व्यारा २००७ मध्ये निर्माण झालेल्या तापी जिल्ह्यात मोडतात. दाहोद आणि छोटा उदेपूरकडची आदिवासी कुटुंबे बांधकामावर मजुरीसाठी बडोद्यात येतात आणि शहराच्या कडेला पाले ठोकून राहतात. त्यांची मुले नव्या भाषा बोलू लागतात, नवे कपडे घालतात, काही नव्या देवळांत जातात, काही प्रार्थनागृहांत. हा बदल पाहून कोणी हळहळतो, कोणी हर्षभरित होतो. त्यांच्यात सेवा करणाऱ्या पाळकाने या दोहोंच्या आधी त्यांना विचारावे: तुम्ही काय सोडले, काय ठेवले, आणि का? हार्डिमन यांनी १९२२ सालच्या घटनेविषयी वृद्ध आदिवासींना त्यांच्या गावी जाऊन असेच प्रश्न विचारले, म्हणून हा ग्रंथ होऊ शकला. त्यांच्या निष्कर्षांशी मतभेद असला, तरी ही रीत प्रत्येक धर्मगुरूने अंगी बाणवावी, अशी आहे.