'उदयकाल' आणि सुपे परगणा

कोल्हापूरच्या प्रभात कंपनीचा 'उदयकाल' हा मूकपट १९३० चा. दिग्दर्शन व्ही. शांताराम यांचे, शिवरायांची भूमिकाही त्यांचीच. मूळ नाव 'स्वराज्याचे तोरण'. ब्रिटिश सेन्सॉरला 'स्वराज्य' हा शब्द खुपला; नाव बदलून, काही दृश्ये कापूनच चित्र लोकांपुढे आले. ते वर्ष मिठाच्या सत्याग्रहाचे, म्हणून सरकारची धास्ती समजते.

चित्राचे मोठेपण बहुधा एवढ्यावरच मोजले जाते. आम्हांला ते अपुरे वाटते. गड घेणे मुक्या पडद्याला मानवते. घोडे, तलवारी, निशाण. पाटी वाचता येत नसली तरी प्रेक्षक टाळी देतो. पण पीक पाहून धारा ठरवणे, रयतेला बी-बैल देणे, वतनदारांना आवर घालणे, हे कसे दाखवायचे? शिवराय सुधारक राजे ठरतात ते याच कामामुळे.

आणि हे काम आमच्या मुलखातले आहे. बारामती तालुक्यातले सुपे आणि शेजारचे इंदापूर शहाजीराजांच्या जहागिरीत होते. मालोजीराजे इंदापुरातच लढताना पडले, असे 'शिवभारत' सांगते. ही भोसले मंडळी निजामशाहीची चाकरी करीत. त्याच निजामशाहीत १६२६ पर्यंत कारभार पाहणाऱ्या मलिक अंबर या हबशी वजिराने जमिनीची प्रत पाहून जमाबंदी बसवली. शिवकाळातल्या महसुलाविषयी बोलताना त्याचे नाव गाळणे हा अर्धा इतिहास झाला.

सुप्याचीच गोष्ट घ्या. शिवरायांनी तिथे कैद केले ते सावत्र मामा संभाजी मोहिते यांना. पायदळाचा सरनोबत मात्र नूरबेग. म्हणजे आप्त विरोधात आणि मुसलमान पदरी! इतका गुंता मूकपटाला पेलत नाही. संवाद नसल्याने माणूस पोशाखावरून ओळखायचा. दाढी आणि अंगरखा दिसला की तो शत्रू, हा ऐतिहासिक चित्रांचा संकेत बनला. बोलपट आले, तोंडाला शब्द मिळाले, तरी तो संकेत सुटला नाही. जत्रेतल्या तंबूत बसलेल्या आमच्या पोरांनी कोणासाठी टाळी वाजवायची, हा प्रश्न समीक्षकांनी फारसा विचारलेला नाही.

दोष एकट्या शांतारामांचा नव्हे. त्यांनीच १९४१ मध्ये 'शेजारी' काढला. तिथे जिवबा आणि मिर्झा यांच्यात फूट पडते ती धर्मावरून नव्हे. धरणाच्या धंद्यात पैसा कमावू पाहणारा माणूस ती पाडतो. मिर्झाच्या दाढीकडे पाहून कोणी शत्रू शोधत नाही.