'हेक्झाटॉक्सिन': विष तेच, कूळ बदललं

सिडनी फनेल-वेब, म्हणजे अ‍ॅट्रॅक्स रोबस्टस, या ऑस्ट्रेलियन कोळ्याच्या विषातल्या पेप्टाइडांना पूर्वी 'अ‍ॅट्राकोटॉक्सिन' म्हणत. २००८ मध्ये ग्लेन किंग आणि सहकाऱ्यांनी अशा पेप्टाइडांसाठी नवी नामपद्धत मांडली: आधी क्रिया सांगणारं ग्रीक अक्षर, मग कोळ्याच्या कुळावरून विषाचं नाव. हा कोळी तेव्हा हेक्झाथेलिडी कुळात होता, म्हणून 'हेक्झाटॉक्सिन'.

पद्धतीचा फायदा मोठा आहे. एकाच पेप्टाइडला प्रत्येक प्रयोगशाळेने वेगळं नाव देण्याचा गोंधळ तिने कमी केला. पण माझा आक्षेप असा, की तिने रेणूचं नाव बदलू शकणाऱ्या गृहीतकाला बांधलं. कारण कूळ हेही गृहीतकच!

२०१८ मध्ये हेडिन आणि सहकाऱ्यांनी जीनोममधल्या अनेक भागांची तुलना करून दाखवलं, की हेक्झाथेलिडीतले सगळे कोळी एकाच पूर्वजाचे वंशज नाहीत. फनेल-वेब निघाले माऊस स्पायडरच्या कुळाचे जवळचे नातेवाईक. फनेल-वेबचं प्रतिविष माऊस स्पायडरच्या विषावरही चालतं, हे आधीच माहीत होतं. आता त्याला वंशावळीचा आधार मिळाला. अ‍ॅट्रासिनी या उपकुळाचं अ‍ॅट्रासिडी कूळ झालं. नामकर्ता मात्र हॉग, १९०१ हाच राहिला, कारण दर्जा वाढला तरी श्रेय हलत नाही.

पेप्टाइडं अजून 'हेक्झाटॉक्सिन'च आहेत. म्हणजे टाकून दिलेलं जुनं नावच आज कुळाशी जुळतं.

तुम्ही संदर्भ शोधाल तेव्हा दोन्ही नावांनी शोधा, नाहीतर निम्मं काम नजरेआड राहील. आणि प्रबंधात कोणतं वर्गीकरण, कोणत्या वर्षाचं वापरलं, ते स्पष्ट लिहा.